वंडर कारखान्याच्या गेटवरची दहा मिनिटं (फ्रान्स, १९६८) - तुम्ही कोणाच्या बाजूने?

ओसरी:
मे १९६८, म्हणजे फ्रान्समधला विद्यार्थी-कामगारांचा उठाव, म्हटलं की पॅरिसची पोरं, उखडलेले फरसबंदीचे दगड आणि भिंतींवरच्या घोषणा एवढंच आपल्याला आठवतं. ही जी फिल्म मी पाहिली त्यात यातलं काहीही नाहीये. एका कारखान्याचं गेट, बाहेर रस्त्यावर घोळका, आणि मधे एक काळ्या केसांची तरुण मुलगी रडवेली होऊन ओरडतेय की मी आत जाणार नाही, या तुरुंगात परत पाय ठेवणार नाही. आजूबाजूला दोन-तीन पुरुष, त्यात एक युनियनवाला, तिला समजावताहेत. बस्स, एवढंच आहे.

नाव 'ला रप्रीज द्यु त्राव्हाय ओ-झ्युझिन वंडर', म्हणजे वंडर कारखान्यात काम पुन्हा सुरू. तारीख १० जून १९६८, जागा सँतुआँ, पॅरिसला उत्तरेकडून चिकटलेलं कामगारवस्तीचं गाव. वंडर ही टॉर्चचे सेल बनवणारी कंपनी. तीन आठवडे संप झाला, मतदान होऊन मागे घेतला आणि त्या दिवशी कामगार आत चाललेत, त्यात बायका खूप. इडेक ही तिथली तेव्हाची सरकारी फिल्म शाळा, तिचे विद्यार्थी स्वतःच संपावर होते, ते १६ मिमी कॅमेरा घेऊन तिथे पोचले. जाक विल्मोँ दिग्दर्शक, पिएर बोनो कॅमेऱ्यावर. कृष्णधवल, जवळजवळ सलग चित्रण, साधारण दहा मिनिटं.

आमच्या छोट्या गटात दाखवली तर सगळ्यांचं एकमत, ती मुलगी हिरो आणि तो युनियनवाला व्हिलन. मला नाही पटलं. तो माणूस तिला दमदाटी करत नाहीये, तो म्हणतोय की काहीतरी पदरात पडलंय, सगळं एका दमात मिळत नसतं, आत्ता आत चल, पुढे परत लढू. यात व्हिलनपणा कुठला? तुम्ही पाहिली असेल तर सांगा, नसेल तर आधी पाहा, नेटवर शोधलीत तर मिळेल.

तिरकस:
दहा मिनिटात आपल्याकडे 'धूम्रपान आरोग्यास हानिकारक'सुद्धा संपत नाही. बघतो आणि येतो.

मंजूषा_स:
ओसरी, मी पाहिलीय आणि तुमच्या गटाच्या बाजूने आहे. तो दमदाटी करत नाही हे खरं, पण तिच्या बोलण्याकडे त्याचं लक्षच नाहीये. ती काय सांगतेय ते नीट ऐका. आम्ही इथपर्यंत काळ्या होतो, धड धुवायची सोय नाही, ही सगळी घाण. ती पगाराबद्दल बोलतच नाहीये, आणि तो मात्र काय काय मिळालं त्याचीच यादी ऐकवतोय. ज्याला रोज ते काळं अंगावर घ्यायचं नाही त्याने टप्प्याटप्प्याने लढू म्हणणं फार सोपं असतं.

आणि घोळक्यातले पुरुष तिच्याशी ज्या सुरात बोलतात तो सूर इथल्या प्रत्येक बाईने कधी ना कधी ऐकलाय. अगं शांत हो, असं नसतं करायचं.

तिरकस:
आलो बघून. फ्रेंच येत नाही, सबटायटल अर्धवट, तरी घसा दाटला. आता पुढचे जोक बंद, म्हणजे प्रयत्न करतो.

चूर्णकर्ता:
काळं काय असतं ते सांगतो, हे माझ्या लाइनीतलं. तेव्हाचा टॉर्चचा साधा सेल म्हणजे लेक्लांशे सेल, योगायोगाने शोधही एका फ्रेंच इंजिनियरचाच, १८६६ चा. बाहेर जस्ताचा डबा, मधे कार्बनची कांडी आणि कांडीभोवती दाबून बसवलेलं काळं मिश्रण, मँगनीज डायऑक्साइड अधिक कार्बनची पूड अधिक नवसागराचं पाणी. लहानपणी सेल फोडून कांडी काढायचा उद्योग ज्यांनी केलाय त्यांना माहितीये हात कसे होतात. आता ती पूड ढिगाने मळायची आणि दाबायची असं काम दिवसभर. कार्बनची पूड इतकी बारीक असते की हाताच्या रेषांत, नखांत, पापण्यांत बसते, साबणाने सहज निघत नाही. आणि मँगनीजची धूळ वर्षानुवर्षं नाकातून जात राहिली तर मेंदूवर परिणाम होतो, हातपाय थरथरणं, चालणं बिघडणं, पार्किन्सनसारखी लक्षणं, हे एकोणिसाव्या शतकापासून डॉक्टरांना ठाऊक आहे. त्यामुळे ती 'इथपर्यंत काळ्या' म्हणते त्यात अतिशयोक्ती नसणार.

कोकणकडा:
@चूर्णकर्ता दंडवत. सेल फोडल्याबद्दल मार खाल्लेला आहे, पण तो आईने दिला होता, मँगनीजने नाही.

चिंचपोकळीकर:
धागा आज वाचला. फिल्म पाहिली आणि रात्री झोप लागली नाही, म्हणून जरा मोठं लिहितोय, सांभाळून घ्या.

आमच्या घरात वडील आणि दोन काका गिरणीत, वडील साचेखात्यात. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला तेव्हा मी शाळेत. अडीच लाखाच्या आसपास कामगार बाहेर. डॉक्टर सामंतांच्या सभा, परळ-लालबागला पाय ठेवायला जागा नसायची. गंमत अशी की कायद्याने मान्यताप्राप्त युनियन वेगळीच होती, १९४६ च्या मुंबई औद्योगिक संबंध कायद्यामुळे मालकांशी बोलायचा हक्क फक्त तिला आणि कामगार तिच्यासोबत नव्हते. म्हणजे ज्याच्यामागे माणसं त्याला टेबलावर खुर्ची नाही आणि ज्याला खुर्ची त्याच्यामागे माणसं नाहीत.

तर मुद्दा. सँतुआँमध्ये युनियन म्हणतेय आत चला, मुलगी म्हणतेय नाही. आमच्याकडे उलटं झालं. आत चला असं अधिकृतपणे कोणी कधी म्हटलंच नाही. तो संप रीतसर मागे घेतलाच गेला नाही, आजतागायत. मग माणसं एकेकटी गेली. कोण गावाकडे, कोण रात्रपाळीला अंधारात मागच्या गेटने आत. जो गेला त्याच्या घराशी चाळीत बोलणं बंद. माझा धाकटा काका असा गेला, आणि वडील त्याच्याशी पुढे कित्येक वर्षं फक्त कामापुरतं बोलले. काका सांगायचा की सगळ्यांदेखत दिवसाउजेडी एखाद्या पुढाऱ्याने 'चला रे' म्हटलं असतं तर मी मान वर करून गेलो असतो.

म्हणून मला तो युनियनवाला व्हिलन वाटत नाही. तो निदान गेटवर उभा आहे, शिव्या खातोय, समोर येऊन 'चल' म्हणतोय.

मंजूषा_स:
चिंचपोकळीकर, तुमचं वाचून गप्प झाले. पण विचारतेच, तुमच्या वडिलांना कोणी सगळ्यांदेखत चला म्हटलं असतं तर ते गेले असते का?

चिंचपोकळीकर:
नसते गेले. त्या मुलीसारखेच उभे राहिले असते.

परखड_मत:
झालं. फ्रेंच फिल्मचा धागा शेवटी गिरणी संपावर आलाच. इथे मंगळावरच्या पाण्याचा धागा काढला तरी तिसऱ्या पानावर सामंत येतात.

तिरकस:
तिसऱ्या? हा तर पहिल्याच पानावर आलाय. प्रगती आहे.

नीलांबरी:
मी फिल्म शिकलेय त्यामुळे थोडं त्या बाजूने. १६ मिमीची ४०० फुटी रीळ २४ फ्रेमच्या वेगाने अकरा मिनिटांच्या आसपास चालते. म्हणजे या फिल्मची लांबी कुठल्या कलात्मक निर्णयाने नाही, डब्यातल्या फिल्मने ठरवलीय. कॅमेरामनला कापायला, थांबून विचार करायला वाव नाही. कोण बोलेल, कोण मधे येईल ते त्याला माहीत नाही, तरी तो घोळक्यात हळूहळू सरकत राहतो आणि ती मुलगी चौकटीतून सुटू देत नाही. कमाल आहे. सीन लिहायला बसलो असतो तरी इतकी पात्रं इतक्या थोडक्यात बसली नसती. युनियनवाले, ज्युनियर कॉलेजच्या वयाचा एक डावा पोरगा जो युनियनला टोचतोय, आणि शेवटी लोकांना आत घ्यायला आलेला कंपनीचा माणूस.

दुसरं, सिनेमाची सुरुवातच कारखान्याच्या गेटपासून झालीय. ल्युमिएर बंधूंनी १८९५ मध्ये लियोंच्या आपल्या कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार चित्रित केले, तिथेही बायकाच जास्त, झगे, टोप्या, मधेच एक कुत्रा. सगळे बाहेर पडताहेत, घाईत, खुशीत. इथे त्र्याहत्तर वर्षांनी तसंच गेट आणि लोक आत चाललेत.

फ्रेंच दिग्दर्शक जाक रिव्हेतने तेव्हाच या फिल्मची भरभरून तारीफ केली होती, मे महिन्यावरच्या फिल्मांमधली खरी ताकदीची हीच म्हणून. विद्यार्थ्यांच्या कामाला एवढी दाद क्वचित मिळते.

कोकणकडा:
मे ६८ वर बऱ्याच फिल्मा आल्या ना? गोदार वगैरेंच्या?

नीलांबरी:
हो, सिने-त्राक्त. क्रिस मार्कर, गोदार वगैरे दिग्दर्शकांनी केलेल्या छोट्या मूक फिल्मा, बहुतेक स्थिरचित्रं आणि मधे हाताने लिहिलेली वाक्यं, एकेक तीन मिनिटांच्या आतबाहेर. पत्रकासारखं वाटायचं असं काहीतरी. त्याआधी मार्करने बेझाँसोंच्या रोदियासेता कापडगिरणीतल्या संपावर फिल्म केली, ती कामगारांनाच दाखवली तर त्यांनी त्याला झापलं, की तू आम्हाला बिचारे करून ठेवलंयस. त्यावर त्याने आणि सोबत्यांनी कामगारांनाच कॅमेरा चालवायला शिकवलं, त्यातून फिल्म करणाऱ्या कामगारांचा मेदवेदकिन गट उभा राहिला. तो किस्सा वेगळ्या धाग्याचा आहे, कोणीतरी काढा.

रोजचाच_उशीर:
ओसरींनी संदर्भ फार थोडक्यात आटपलाय, त्याशिवाय युनियनवाल्याचा न्याय करता येत नाही. १० जूनला परिस्थिती काय होती? मे महिन्यात सत्तर लाख ते एक कोटी लोक संपावर होते. २७ मेला सरकार, मालक आणि युनियन यांच्यात ग्रनेलचा समझोता, किमान वेतनात ३५ टक्के वाढ, बाकी पगारात साधारण १० टक्के. रनो मोटार कंपनीच्या बिलांकूर कारखान्यातल्या कामगारांनी तो त्याच दिवशी फेटाळला. ३० मेला राष्ट्राध्यक्ष द गोलने संसद बरखास्त करून निवडणूक लावली, त्या संध्याकाळी त्याच्या समर्थकांचा प्रचंड मोर्चा शाँझेलिझेवर. तिथून वारं फिरलं. पेट्रोल परत मिळायला लागलं आणि लोक सुट्टीला बाहेर पडले.

आणि तुमच्या या फिल्मच्याच दिवशी, १० जूनला, फ्लँच्या रनो कारखान्याजवळ पोलिसांपासून पळताना सतरा वर्षांचा एक विद्यार्थी सेन नदीत बुडून मेला. दुसऱ्या दिवशी सोशोच्या प्यूजो कारखान्यात पोलीस घुसले, दोन कामगार गेले. त्या गेटवर संध्याकाळपर्यंत काय होऊ शकतं हे युनियनवाल्यांना कळत होतं. लोकांना जिवंत आणि नोकरीसकट आत न्यायचं की लाठ्या खायला बाहेर ठेवायचं, एवढेच पर्याय उरले होते.

मंजूषा_स:
हे ठीक, पण मग हरलो असं म्हणा ना तिला. विजय झाला विजय झाला काय सांगता? ती चिडते ती त्यावर.

रोजचाच_उशीर:
१९३६ च्या मोठ्या संपात कम्युनिस्ट पक्षाच्या तोरेझने सांगून ठेवलं होतं की मागण्या मिळाल्या की संप संपवताही आला पाहिजे. सेजेते ही मोठी युनियन त्याच मुशीतली. संपवताना 'हरलो' म्हटलं तर पुढच्या वेळी कोण येणार? त्यामुळे विजय म्हणावंच लागतं. मी समर्थन करत नाही, कारण सांगतोय.

तिरकस:
म्हणजे आपल्या सोसायटीच्या वार्षिक सभेसारखं. पाणी आलं नाही, लिफ्ट चालू नाही, पण ठराव 'यशस्वी वाटचालीबद्दल अभिनंदन'.

(जोक बंद म्हटलं होतं, माहितीये.)

सेन_किनारी:
मी पॅरिसच्या उपनगरात राहते. सँतुआँ आता टुरिस्टांना जुन्या बाजारासाठी माहीत आहे, जुनी झुंबरं आणि लाकडी कपाटं बघत लोक फिरतात. वंडर कंपनी १९८४ मध्ये बेर्नार ताप्पीने घेतली, तोच तो पुढे फुटबॉल क्लबवाला आणि मंत्री झालेला. कारखाने एकामागून एक बंद झाले, सँतुआँचासुद्धा, आणि काही वर्षांतच त्याने ती एका अमेरिकन कंपनीला विकली. म्हणजे ज्या गेटमधून आत जायचं की नाही यावर ती दहा मिनिटं भांडण झालं ते गेट त्यानंतर वीस वर्षंही टिकलं नाही.

आणखी एक, कंपनीची जाहिरात इथल्या म्हाताऱ्यांना अजून तोंडपाठ आहे, वंडरचा सेल वापरलात तरच झिजतो. दुकानात सेल घेताना हमखास कोणीतरी म्हणून दाखवतं.

तिरकस:
हे मात्र कामगारांनाही लागू होतं की.

नीलांबरी:
हा धागा इतका पुढे आला आणि एर्वे ल रूचं नाव कोणीच काढलं नाही? नव्वदच्या दशकात त्याने 'रप्रीज' नावाची तीन तासांहून मोठी डॉक्युमेंटरी केली. एका सिनेमाच्या मासिकात त्याला या मुलीचा फोटो दिसला, डोक्यातून जाईना, म्हणून तिला शोधायला निघाला. त्या दहा मिनिटांत जे जे दिसतात त्यांना, वंडरमध्ये काम केलेल्या बायकांना, युनियनवाल्यांना, त्या डाव्या पोराला, सगळ्यांना गाठून तो ती फिल्म दाखवतो आणि बोलतं करतो. तिचं पहिलं नाव मिळतं, जोसलीन. ती नाही मिळत.

बघताना तुमचा हा वाद सारखा पलटी खातो. तिथल्या जुन्या कामगार बायका बोलायला लागल्या की युनियनवाल्यांचा राग येतो, आणि मग तेच युनियनवाले आता म्हातारे होऊन समोर येतात, तेव्हाचं सगळं सांगतात, की तुम्ही त्यांच्या बाजूला. ओसरी, तुमच्या प्रश्नासाठी ती बघाच.

परखड_मत:
हा शोध मला खटकतो. एका बाईने तिच्या आयुष्यातल्या वाईट दिवशी रस्त्यावर आरडाओरडा केला, पोरांनी तिला न विचारता चित्रित केलं, पुढे जगाने तिला क्रांतीची मूर्ती केलं आणि मग एक दिग्दर्शक दारं ठोठावत फिरला. तिला सापडायचं नसेल तर? आज कोणी असा व्हिडिओ व्हायरल केला तर इथलेच लोक प्रायव्हसी प्रायव्हसी करून धागा काढतील.

सेन_किनारी:
पूर्ण असहमत. व्हायरल व्हिडिओत माणसाचं हसं होतं. ल रूचं म्हणणं असं की तिला एकच टेक मिळाला, दुसरा तिचा हक्क होता, तो द्यायचा होता. आणि खासगी काय? कारखान्याच्या गेटवर, युनियनसमोर, सगळ्यांना ऐकू जावं म्हणून ती बोलतेय. तिला कोणी ऐकू नये असं वाटत असतं तर ती गुपचूप घरी गेली असती.

परखड_मत:
चाळीस लोकांना ऐकू जावं आणि पन्नास वर्षं जगाला दिसावं यात फरक आहे. तेवढाच माझा मुद्दा.

नीलांबरी:
मुद्दा बरोबर आहे, पण तिचा फोटो मासिकात छापला, पुस्तकात छापला, त्यात कोणालाही तिचं नाव विचारावंसं वाटलं नाही. ल रूने निदान विचारलं.

फाइलबहाद्दर:
मी पर्सोनेलमध्ये नोकरी केली (आता एचआर म्हणतात, काम तेच) त्यामुळे माझं मत कोणाला आवडणार नाही. शेवटी जो कंपनीचा माणूस येतो ना, त्याच्याकडे मी जास्त बघत होतो. गेट उघडल्यावर पहिला अर्धा तास महत्त्वाचा असतो हे आमच्यात सगळ्यांना पाठ. घोळका बाहेर रेंगाळला की पाचाचे पन्नास होतात. एकदा माणसं आत जाऊन मशीनला लागली की दिवस पार पडतो. त्यामुळे तो घाई करतो, आणि युनियनवालाही तीच घाई करतोय, कारण वेगळं असेल. एका कारखान्यात मीही असा गेटवर उभा राहिलोय. तिथे एक जण असाच अडून बसला होता. आत गेल्यावर तुझ्या खात्यातल्या धुराड्याचं बघतो असं मी त्याला सांगितलं आणि तो आला. त्या धुराड्याचं काम मी असेपर्यंत तरी कागदावरच होतं.

मंजूषा_स:
फाइलबहाद्दर, तुमच्या या एका प्रतिसादाने माझी बाजू जास्त मजबूत झाली, धन्यवाद.

फाइलबहाद्दर:
माहितीये. म्हणूनच लिहिलं.

ओसरी:
सगळे प्रतिसाद वाचून काल परत पाहिली, आणि या वेळी मुद्दाम फक्त त्या मुलीकडे न बघता बाकीच्यांकडे बघत होतो. तिच्यामागून बायका आत जाताहेत, एकेक करून, फारशा न बोलता. कोणी थांबून तिचं ऐकते, कोणी खाली बघत जाते. आपल्या वादात या कोणीच नाहीत. तिच्याइतक्याच काळ्या होणाऱ्या, तिच्याइतकाच संप केलेल्या, आणि तरी आत चाललेल्या. घरी पोरं असतील, तीन आठवड्यांचा पगार बुडालेला असेल. मत कोणी कुठे टाकलं कोणास ठाऊक.

माझं मत अजून तेच आहे, युनियनवाला व्हिलन नाही. पण मंजूषा म्हणतात ते आता मान्य करतो की तो उत्तर चुकीच्या प्रश्नाचं देतोय. न्हाणीघराचं आणि त्या काळ्या पुडीचं काय ठरलं ते त्याने तिला सांगायला हवं होतं, आणि काही ठरलं नसेल तर तसं सांगायला हवं होतं.

मंजूषा_स:
चला, निम्मी लढाई जिंकले. टप्प्याटप्प्याने :)

चिंचपोकळीकर:
त्या खाली मान घालून जाणाऱ्या बायकांमध्ये मला माझा काका दिसला. नीलांबरी, ती तीन तासांची फिल्म इंग्रजी सबटायटलसकट कुठे मिळेल ते कळवाल का? वडील नाहीत आता, पण काका आहे, त्याला दाखवायचीय.

नीलांबरी:
व्यनि (व्यक्तिगत निरोप) करते. डीव्हीडी निघाली होती, सबटायटलचं बघून सांगते.

कोकणकडा:
मलाही व्यनि करा. आणि चूर्णकर्ता, हल्लीच्या अल्कलाइन सेलमध्येही तीच काळी पूड असते का? घरात एक छोटा शास्त्रज्ञ स्क्रूड्रायव्हर घेऊन बसलाय.

चूर्णकर्ता:
मँगनीज डायऑक्साइड तेच, पण आत पोटॅशियम हायड्रॉक्साइड असतं, कातडी आणि डोळे भाजतात. स्क्रूड्रायव्हर काढून घ्या आधी.